सतरा रिकाम्या जागा

शेजारच्या वेंडेलिन त्रनोव्स्कींना माझ्या सासूबाईंनी शिकवलेला पहिला मराठी शब्द 'हा' होता. तेव्हा ती गंमत वाटली. पुढे त्याच शब्दाने चार मिनिटांचं संगीत जवळजवळ बिघडवलं. त्यात चूक सासूबाईंची नव्हती, वेंडेलिन यांचीही नव्हती. माझी होती.

आई जूनमध्ये सहा महिन्यांच्या व्हिसावर आमच्याकडे इंग्लंडमध्ये, मिल्टन कीन्सला आल्या. कराडच्या शाळेत त्यांनी एकतीस वर्षं मराठी शिकवलं. इंग्रजी त्यांना वाचता येतं, पण बोलायची वेळ आली की त्या म्हणतात, "चुकीचं बोलण्यापेक्षा हातवारे बरे. हातवाऱ्यांना व्याकरण नसतं." तिसऱ्याच दिवशी त्या मागच्या कुंपणाशी उभ्या होत्या. पलीकडे चौऱ्याऐंशी वर्षांचा उंच, जरासा वाकलेला माणूस, अलीकडे जेमतेम पाच फुटांच्या आई, आणि मध्ये माझा दुधीचा वेल, ज्याला तीन वर्षांत पहिल्यांदाच एक दुधी लागला होता.

"हा दुधी," आई म्हणाल्या.

"हा," वेंडेलिन म्हणाले. मग आपल्या अंगणातल्या प्लमच्या झाडाकडे बोट दाखवून, "हा?"

"हे. हे झाड."

"हा झाड." मग मांजराकडे बोट. "हा?"

"ही! ही मांजर."

"हा मांजर," ते समाधानाने म्हणाले, आणि शेवटी आईंकडे बोट करून, "हा सुलक्षणा."

संध्याकाळी परीक्षित, माझा नवरा, ऑफिसमधून आला तेव्हा आईंनी तक्रार नोंदवली. "तुमच्या त्या शेजाऱ्यांना लिंग कळत नाही."

"आई, वाक्य जरा जपून."

"एकतीस वर्षं वर्गात हेच वाक्य बोलले मी. कुणी हसलं नाही."

"तुझ्या तोंडावर नाही हसलं," परीक्षित म्हणाला.

आम्ही या घरात राहायला आल्यावर दोन वर्षं मला वेंडेलिन यांच्याबद्दल एवढंच माहीत होतं, की ते स्लोव्हाक आहेत, एकटे राहतात आणि दर सप्टेंबरला काळपट जांभळ्या जॅमची बाटली आमच्या दाराशी ठेवून जातात. मग एकदा टीव्हीवर बिस्किटांची एक जुनी जाहिरात लागली. माझ्या लॅबमधल्या पन्नाशीपुढच्या सगळ्यांना तिची धून पाठ आहे. कुंपणापलीकडून ते म्हणाले, "ती माझी आहे. सात स्वर. आयुष्यात सगळ्यात जास्त लोकांनी ऐकलेलं माझं संगीत, आणि ते बिस्किटाबद्दल आहे."

हळूहळू बाकीचं कळलं. ब्रातिस्लावाच्या संगीतशाळेत शिक्षण. बाविसाव्या वर्षी पहिला चित्रपट. सत्ताविसाव्या वर्षापर्यंत नऊ चित्रपट. १९६८च्या ऑगस्टमध्ये ते आणि त्यांची बायको बोझेना चार दिवसांसाठी व्हिएन्नाला गेले होते. त्या चार दिवसांत त्यांच्या देशात सोव्हिएत रणगाडे शिरले, आणि चार दिवसांची बॅग घेऊन ते इंग्लंडला आले. आधी क्रॉयडनच्या एका हॉटेलात ते पियानो वाजवायचे आणि सुट्टीच्या दिवशी तिथल्याच सरकारी कचेरीत कागदांसाठी रांगेत बसायचे. नंतर टीव्हीवरच्या प्राण्यांच्या माहितीपटांना त्यांनी वीस वर्षं संगीत दिलं. "बिजूला बासून, घुबडाला क्लॅरिनेट," ते म्हणाले. "साळिंदर अवघड असतं. साळिंदराला काय द्यायचं हे मला शेवटपर्यंत कळलं नाही."

क्रॉयडनची ती रांग मीही पाहिलेली आहे, पन्नास वर्षांनी. तिथल्या खुर्च्यांबद्दल आमचं पूर्ण एकमत झालं.

बोझेना चार वर्षांपूर्वी गेली. तेव्हापासून वेंडेलिन यांचे हात थरथरायला लागले आणि कान फितूर झाले. फितूर हा त्यांचा शब्द. बहिरेपणाचा हा प्रकार मी वाचून समजून घेतला: एकच स्वर डाव्या कानाला एका उंचीवर ऐकू येतो आणि उजव्याला त्याच्या थोडा खाली. श्रवणयंत्रं लावली की दोन्ही कान आणखी मोठ्याने भांडतात. म्हणून ते बागेत यंत्रं काढून ठेवतात आणि गुणगुणतात. पूर्ण उन्हाळाभर, कात्री हातात, एकच चाल. आपण गुणगुणतोय हे त्यांना ठाऊकही नसायचं.

ऑगस्टच्या पहिल्या आठवड्यात ते आमच्या दारात आले, हातात छापून घेतलेली ईमेल.

ब्रातिस्लावाच्या एका चित्रपट-संग्रहालयातल्या झुझाना नावाच्या बाईंनी लिहिलं होतं. वेंडेलिन यांनी संगीत दिलेला १९६७चा 'शेवटचा तराफा' हा चित्रपट दुरुस्त होत होता. व्हाह नदीवरून लाकडांचे तराफे नेणाऱ्या लोकांची ती गोष्ट. चित्र उत्तम सापडलं होतं. पण चौथ्या रिळात, तराफ्यावर लग्न लागतं तिथे, चार मिनिटांचा आवाज पुसून गेला होता. साथीची वाद्यं वेगळ्या ध्वनिफितीवर तशीच आहेत, ती वापरता येतील; वरची क्लॅरिनेटची चाल मात्र कुठेच नाही. तुमच्याकडे कागद आहेत का? नसतील तर काळजी नको, एक हुशार तरुण संगीतकार तुमच्या शैलीत ती जागा भरून देईल. ऑक्टोबरमध्ये चित्रपट लंडनला दाखवायचा आहे.

"माझ्या शैलीत," वेंडेलिन म्हणाले. त्यांच्याशी आमचं बोलणं इंग्रजीत, आणि त्यांचं इंग्रजी माझ्यापेक्षा चांगलं आहे. "मी मेल्यावर हवं ते भरा. पण मी इथे बसून प्लम तोडत असताना, माझ्या सिनेमाच्या मधोमध, दुसऱ्या कुणाची चार मिनिटं?"

"कागद आहेत?"

"कागद ब्रातिस्लावाला राहिले. चार दिवसांच्या बॅगेत कोण भरतं?" मग त्यांनी कपाळावर बोट ठेवलं. "इथे आहे सगळं. क्लॅरिनेट बोझेनाने वाजवलं होतं. ती दुसऱ्या खुर्चीवरची वादक. पहिला आजारी पडला म्हणून ती पुढे आली. त्या दिवसाआधी मी तिला पाहिलंही नव्हतं."

आई स्वयंपाकघरातून ऐकत होत्या. "काय हवंय त्यांना?"

मी सांगितलं.

"मग पेटी काढ," आई म्हणाल्या.

मिल्टन कीन्सच्या मराठी मंडळाची पेटी वर्षातले अकरा महिने आमच्या जिन्याखालच्या कपाटात, व्हॅक्यूम क्लीनरच्या शेजारी असते. आई कराडच्या भजनी मंडळात पेटी वाजवतात. मला संगीतातलं काहीही येत नाही. मी हॉस्पिटलच्या मायक्रोबायोलॉजी लॅबमध्ये काम करते आणि मला कोष्टकं करता येतात. एवढ्या भांडवलावर आम्ही सुरुवात केली.

आधी त्यांना सरळ गायला सांगून पाहिलं. मुद्दाम गायला लागले की ते स्वतःचा आवाज ऐकायचे, कान भांडायला लागायचे आणि चाल पहिल्या ओळीतच घसरायची. आईंनी तोंड कडू झाल्यासारखं करून थांबा म्हणून हात वर केला. हातवाऱ्यांना खरंच व्याकरण लागत नाही.

म्हणून मग वेंडेलिन डोळे मिटून बसत, यंत्रं काढलेली, डावा तळवा पेटीच्या लाकडावर. एकेका स्वराचं अक्षर उच्चारत आणि बोटाने मात्रा ठोकत. अक्षरं ते त्यांच्या शाळेतल्या पद्धतीने म्हणत. 'त्से' म्हणजे सी, 'दे' म्हणजे डी, 'गे' म्हणजे जी, 'बे' म्हणजे बी. आईंना यातलं एकही अक्षर नको होतं. त्यांच्या पेटीवर पट्ट्यांना आकडे असतात, पांढरी एक ते पांढरी सात आणि काळी एक ते काळी पाच. पहिल्या दहा मिनिटांत मी कोष्टक केलं. एका बाजूला त्यांची अक्षरं, दुसऱ्या बाजूला आईंच्या पट्ट्या. सात अक्षरं, सात पांढऱ्या पट्ट्या. कोष्टक पूर्ण भरलं, एकही चौकोन रिकामा नाही, एकही अक्षर उरलं नाही. असं काही झालं की मला फार बरं वाटतं.

"सोपी चाल आहे," सुरुवातीलाच ते म्हणाले होते. "तराफेवाल्यांची. सगळ्या पांढऱ्या पट्ट्या आणि एकच काळी. पण तिच्याशिवाय ते लग्न लागत नाही."

तीन शनिवार-रविवार आम्ही बसलो. "गे. आ. त्से. त्से. आ," वेंडेलिन म्हणत. "पाच, सहा, एक, एक, सहा," मी सांगत असे. आई पट्टी दाबत. मध्येच वेंडेलिन डोळे न उघडता म्हणत, "हा."

"बघ, हा म्हणाले," आई खूश व्हायच्या. "बरोबर लागलं की लगेच पावती देतात. हा! हाच स्वर!" आणि तीच पट्टी आणखी एक मात्रा दाबून धरायच्या.

"हा," मीही म्हणायचे, आणि पुढच्या अक्षराची वाट पाहायचे.

एक गोष्ट मला खटकत होती. चार मात्रांचा एक बार, असे चौसष्ट बार. पण काही बारमध्ये मात्रा भरत नव्हत्या. एक कमी पडायची. मी त्यांना लिहून विचारलं: बार सातमध्ये एक मात्रा कमी आहे. त्यांनी कागद डोळ्यांजवळ धरला. "कमी नाही. मी सांगतो ते सगळं लिहा, मग कमी पडणार नाही." त्यांनी सांगितलेलं सगळं मी लिहिलं होतं. मग जिथे माहिती नाही तिथे अंदाज भरायचा नाही, या लॅबच्या नियमाने मी त्या जागा रिकाम्या ठेवल्या. कंप्युटरवरच्या प्रोग्राममध्ये रिकाम्या जागेला विरामाचं चिन्ह येतं. असे सतरा विराम झाले.

दुसरी गोष्ट म्हणजे ती एक काळी पट्टी. चौसष्ट बार झाले, काळी कुठेच आली नाही. मी कोष्टकाखाली पेन्सिलीने लिहिलं, 'काळी: शून्य.' आणि मनात म्हटलं, अठ्ठावन्न वर्षांपूर्वीची गोष्ट आहे, विसरले असतील. कोष्टकावर शंका घेण्याऐवजी मी माणसावर घेतली.

बाविसाव्या तारखेला आम्ही फाइल पाठवली. दोन दिवसांत झुझानाबाईंचं उत्तर आलं. मी ते वेंडेलिन यांना मोठ्या अक्षरांत छापून दिलं. 'आदरणीय महोदय, आम्ही सगळे थक्क झालो आहोत. १९६७मध्ये इतकी धाडसी चाल! आणि त्या सतरा शांतता. जणू नदीच श्वास रोखून धरते. आमच्या संग्रहालयाच्या संचालकांच्या डोळ्यांत पाणी आलं. एकोणतीस तारखेला, शुक्रवारी सकाळी दहाला, ध्वनिमुद्रण.'

वेंडेलिन यांनी ते दोनदा वाचलं. "सतरा शांतता?"

"असं म्हणतायत."

"मी शांतता लिहीत नसे. आमचा दिग्दर्शक म्हणायचा, शांतता हवी असेल तर वादकांना घरी पाठवतो." मग ते थोडे खुलले. "पण डोळ्यांत पाणी आलं म्हणतायत. नदी श्वास रोखते. वाईट नाही. कदाचित मी समजत होतो त्यापेक्षा बरा होतो."

मी तेव्हाच थांबायला हवं होतं. थांबले नाही.

अठ्ठावीस तारखेचा गुरुवार. मला सुट्टी होती. शनिवारी मंडळाचा गणपती होता आणि परीक्षित संध्याकाळी पेटी हॉलवर पोचवणार होता, म्हणून आई तिचा भाता पुसत मागच्या खोलीत बसल्या होत्या. खिडकी उघडी. पलीकडे वेंडेलिन शिडीच्या दुसऱ्या पायरीवर, बादलीत प्लम टाकत गुणगुणत होते. चाल तीच, तराफ्यावरच्या लग्नाची. आईंनी गंमत म्हणून त्यांच्याबरोबर वाजवायला सुरुवात केली.

"अनुया, इकडे ये गं जरा."

मी गेले.

"हे रोज पांढरी एकमध्येच गातात. सकाळ असो, दुपार असो, तसूभर हलत नाहीत. बरोबर?"

"तुम्हाला माहीत."

"मला माहीत आहे म्हणूनच सांगतेय. आता ऐक." त्या वाजवत राहिल्या. बाहेरचा आवाज आणि पेटी दोन्ही एकाच वाटेने चालले होते. मग एके ठिकाणी आईंचं बोट वर चढलं आणि काळ्या पट्टीवर पडलं. "काळी पाच. ऐकलंस? आता पुन्हा येईल... ही बघ. काळी पाच. तुझ्या कागदावर तिथे काय आहे?"

मी कागद आणला. "पांढरी सात."

"मग कागद चुकलाय."

"अहो आई, त्यांनी 'बे' म्हटलं होतं. बे म्हणजे पांढरी सात. त्यांना ऐकू येत नाही, सूर खाली घसरत असेल."

"घसरतो तो माणूस एकदा इथे घसरतो, एकदा तिथे. हे दर वेळी त्याच पट्टीवर घसरतात? आणि आणखी एक. तू जिथे मोकळं सोडलंयस ना, तिथे ते गप्प बसत नाहीत. तिथे गातात ते. पांढरी सात."

"आई, मी सगळं लिहून घेतलंय."

"शाळेत इन्स्पेक्टर असंच म्हणायचा," आई म्हणाल्या.

वाद घालण्यापेक्षा मोजणं मला जास्त जमतं. आवाजाची कंपनसंख्या दाखवणारं अ‍ॅप मी फोनवर घेतलं आणि फोन खिडकीच्या कट्ट्यावर ठेवला. वेंडेलिन यांनी पूर्ण चाल तीनदा गुणगुणली. झाडावर प्लम भरपूर होते. मी 'बे' लिहिलेल्या जागी आकडे आले: एकशे सोळा, एकशे सतरा, एकशे सोळा. मी मोकळ्या सोडलेल्या जागी: एकशे तेवीस, एकशे चोवीस, एकशे तेवीस. मग आईंना खालच्या सप्तकातल्या दोन पट्ट्या दाबायला सांगितल्या. काळी पाच, एकशे सोळा. पांढरी सात, एकशे तेवीस.

आकडे इतके स्वच्छ माझ्या लॅबमध्येही येत नाहीत.

मी कुंपणाशी गेले, वेंडेलिन यांना हात केला आणि यंत्रं लावायची खूण केली. त्यांनी खिशातून काढून लावली.

"मला एक सांगा. त्सेपासून खाली उतरा. एकेक पट्टी, काळीसुद्धा न सोडता."

"परीक्षा आहे?" त्यांनी शिडीवरच डोळे मिटले. "त्से. हा. बे. आ."

"पुन्हा?"

"त्से, हा, बे, आ." त्यांनी डोळे उघडले. "काय झालं? तुम्ही पांढऱ्या पडलात."

मी दुधीच्या वेलाशेजारी तशीच उभी राहिले. माझं सात अक्षरांचं पूर्ण भरलेलं कोष्टक डोळ्यांसमोर होतं. त्यांच्या शाळेत अक्षरं आठ होती. इंग्रज ज्याला बी म्हणतात, त्या पांढऱ्या सातला तिकडे एच म्हणतात, आणि एचचा उच्चार 'हा'. बे म्हणजे तिच्या खालची काळी पाच. इंग्रजांचा ह नुसता फुंकरीसारखा असतो, पण स्लोव्हाक ह आणि मराठी ह दोन्ही घशातून, एकाच जागेवरून निघतात. फरक करायला कानाला काही जागाच नव्हती. आईंना वाटलं ते मराठीत पावती देतायत. मलाही तेच वाटलं. सतरा वेळा त्यांनी स्वर सांगितला, सतरा वेळा आम्ही दोघी हसून 'हा' म्हणालो, आणि मी चौकोन रिकामा ठेवला.

मी सांगितलं. सगळं, क्रमाने. अ‍ॅपवर त्यांना न विचारता मोजल्याचंही सांगितलं. ते शिडीवरून उतरून बादली उलटी करून तिच्यावर बसले. प्लम गवतावर पसरले.

"म्हणजे नदी श्वास रोखत नाही," ते म्हणाले.

"नाही."

"आणि धाडसी चाल?"

"ती मी लिहिली. चुकून."

त्यांनी माझ्याकडे पाहिलं. राग येईल असं मला वाटलं होतं, आणि तो रास्त झाला असता. उद्या सकाळी दहाला त्यांच्याच देशातले वादक माझी चूक त्यांच्या नावावर वाजवणार होते, आणि ती त्यांच्या चित्रपटात कायमची राहणार होती. दुसऱ्या कुणाची चार मिनिटं. हुशार तरुण संगीतकाराचीसुद्धा नाहीत, माझी.

"सत्तावन्न वर्षं मी इंग्रजांच्या वाद्यवृंदांना बी आणि बी फ्लॅट म्हणतोय," ते शेवटी म्हणाले. "एकदाही चुकलो नाही. पण डोळे मिटले की मी तिकडच्या शाळेत असतो. मला कळायला हवं होतं."

"मी अजून जिवाणूंच्या वसाहती मराठीत मोजते," मी म्हटलं. "बशीवर बोट ठेवून, एकोणचाळीस, चाळीस. मलाच कळायला हवं होतं."

कुंपणाच्या अलीकडून आईंनी विचारलं, "काय म्हणतात?"

"ते 'हा' म्हणायचे ना, तो स्वर होता. पांढरी सात."

आईंनी हातातलं फडकं कुंपणावर टाकलं. "म्हणजे मला एकदाही शाबासकी दिली नाही त्यांनी?"

हे मी भाषांतर करून सांगितलं, आणि वेंडेलिन इतके हसले की त्यांच्या एका कानातलं यंत्र गवतात पडलं. ते प्लममध्ये शोधायला आम्हाला पाच मिनिटं लागली.

मग मी ब्रातिस्लावाला फोन लावला. झुझानाबाईंचं इंग्रजी सावकाश आणि स्वच्छ होतं. मी त्यांना चूक सांगितली.

"मग त्या सतरा शांतता?"

"चुकीने."

"सगळ्या?"

"सगळ्या."

फोनवर जी शांतता पसरली ती मात्र खरी होती. मग त्या म्हणाल्या, "संचालकांना मी हे कसं सांगू? त्यांनी त्यावर लेख लिहायला घेतलाय." आणि मग, थोड्या वेळाने, वेगळ्या आवाजात, "म्हणजे ते हा आणि बे असं आमच्यासारखंच म्हणतात? अजून?" मी म्हटलं, डोळे मिटल्यावर. त्या म्हणाल्या, "चार वाजेपर्यंत पाठवा. तुमच्या घड्याळात तीन."

दुरुस्ती सहा मिनिटांची होती. जिथे पांढरी सात होती तिथे काळी पाच, अशा नऊ जागा. जिथे काही नव्हतं तिथे पांढरी सात, अशा सतरा जागा. आईंनी पूर्ण चाल नव्याने वाजवली. मला संगीतातलं काही कळत नाही, पण पहिल्यांदाच ते मला लग्न वाटलं. आधी ते एखाद्या मिनिटभर उशीर झालेल्या बैठकीसारखं वाटत होतं. वेंडेलिन यांचा तळवा लाकडावर होता. काळी पाच आली की त्यांची करंगळी हलायची.

"पाठवू?"

"थांबा. यादी दाखवा."

सतरा बारचे आकडे मी मोठ्या अक्षरांत छापून त्यांच्या पुढ्यात ठेवले. प्रत्येकासमोर 'आधी: विराम, आता: स्वर' असे दोन रकाने. ते बोट एकेका ओळीवरून खाली नेत होते, ओठ हलत होते. मी घड्याळ पाहिलं. दोन वाजून वीस मिनिटं. अकराव्या ओळीवर, बार एकेचाळीसपाशी, बोट थांबलं. बराच वेळ थांबलं.

"काही चुकलंय?" मी विचारलं.

"नाही. इथे मी स्वर लिहिला होता. हा." ते हसत होते, पण माझ्याकडे पाहून नाही. "ध्वनिमुद्रणाच्या दिवशी इथे बोझेनाने तो वाजवला नाही. लांबलचक ओळ होती, तिचा दम संपला, तिने इथे श्वास घेतला. दिग्दर्शक म्हणाला, पुन्हा घेऊ. मी म्हणालो, नको, हेच छान आहे. तो म्हणाला, पण तू तर स्वर लिहिलायस. मी म्हणालो, लिहिताना मला कळलं नव्हतं." त्यांनी चष्मा काढून शर्टाला पुसला. "नंतर तिला कॉफीला विचारलं. पाठ म्हणताना मी माझा कागद म्हणत होतो. सिनेमात काय होतं, ते विसरलोच होतो."

आई त्यांच्याकडे आणि माझ्याकडे आळीपाळीने पाहत होत्या. मी भाषांतर केलं नाही. करता आलं नसतं.

वेंडेलिन यांनी एकेचाळीसच्या ओळीवर बोट टेकवलं आणि माझ्याकडे वळले.

"हा," ते म्हणाले.

या वेळी मी विचारलं. "स्वर, की मराठी?"

"मराठी."

मी त्या चौकोनातली पांढरी सात पुसली, मोकळी मात्रा राहू दिली, आणि दोन वाजून सव्वीस मिनिटांनी फाइल पाठवली. मग आईंना सगळं सांगितलं. त्यांनी चष्मा लावून स्क्रीनवरचं ते एकुलतं एक चिन्ह नीट पाहिलं.

"विराम. पुल्लिंग," त्या म्हणाल्या. "पहिल्यांदाच बरोबर बोलले."